अरे आवाज कुणाचा!

प्रिय वंदे,

गणपतीपासून लिहायचं लिहायचं म्हणतेय आणि आता दिवाळीचा फराळही संपला, तेव्हा आधी शिव्या घालून घे. तब्येत ठीक, थायरॉइडची गोळी चालू, पाठ दुखते ती दुखतेच. आता ऐक, हे तुझ्याशिवाय कुणाला सांगून उपयोग नाही.

एका पिक्चरच्या डबिंगला बोलावलंय. हिरॉइन नवीन पोरगी, गडहिंग्लजकडची, काम काय सुंदर केलंय गं. पण म्हणे पात्र पुण्यातल्या डॉक्टरची मुलगी आणि हिचा टोन मारतो, म्हणून चेहरा तिचा नि आवाज माझा. तिला अजून कुणी सांगितलेलंच नाही! मी 'कळवते' म्हणून सुटले. तुझी सिरियल आठवली ना? मलाही. परक्या बाईच्या आवाजात तू बोलताना बघून तुझे बाबा टीव्ही बंद करून उठले होते.

झोप लागेना म्हणून 'ब्लॅकमेल' लावला, हिचकॉकचा, १९२९ चा. त्यातली अ‍ॅनी ओंद्रा ही प्रागची नटी. जन्म १९०२ चा, वाढली प्रागमध्ये, विशीच्या आतच मूकपटात शिरली. कारेल लामाच हा तिचा डिरेक्टर, हिरो आणि बॉयफ्रेंड, सगळं एकच. कॅमेऱ्याला ओटो हेलर, लिहायला वात्स्लाव वासरमान, अशी चौकडी होती त्यांची, आपल्यासारखीच, फक्त त्यांनी खरंच पिक्चर काढले. मूकपटाला भाषा कुठली, त्यामुळे बाई प्राग, बर्लिन, लंडन कुठेही चालायची. 'द मँक्समन'मध्ये हिचकॉकनं तिला चक्क आइल ऑफ मॅनची पोरगी केली, कुणाची हरकत नाही. मग 'ब्लॅकमेल' मूक म्हणून सुरू झाला आणि मधेच बोलपट करायचं ठरलं. पात्र लंडनच्या पेपर-तंबाखूच्या दुकानदाराची मुलगी आणि बोलण्यात चेक हेल. नंतर डब करायची सोयच नव्हती तेव्हा! मग काय, जोन बॅरी नावाची नटी कॅमेऱ्याबाहेर माइक घेऊन उभी राहायची नि डायलॉग म्हणायची, त्याच वेळी ओंद्रा नुसते ओठ हलवायची. लाइव्ह! आपण इथे तोच तुकडा लूपवर फिरवून फिरवून टेकवर टेक घेतो तरी ओठ जुळत नाहीत. टायटलमध्ये बॅरीचं नाव नाही. आणि मजा म्हणजे तिचं इंग्लिश इतकं तुपातलं की दुकानदाराची पोर बंगल्यातली मालकीण वाटते. म्हणजे तोही टोन चुकलाच, पण तो कुणाला मारला नाही.

त्या वेळची साउंड टेस्ट अजून बघायला मिळते. हिचकॉक शेजारी उभा राहून चावट बोलतो, ती लाजून हसते, पाठ फिरवते. आवाज मस्त आहे गं तिचा.

तुझ्या सिरियलच्या वेळी तू म्हणाली होतीस, तुला आवाज देणाऱ्या त्या बाईनं नाही म्हणायला हवं होतं. मी म्हणाले तिनं नाही म्हटलं असतं तर दुसरी आली असती. यावरून भारत नाट्य मंदिरच्या बाहेर काय तमाशा केलास, चहाचे पैसे पण मलाच द्यायला लावलेस. आता त्या बाईच्या जागी मी.

बरं, ओंद्रा संपली का तर अजिबात नाही. बर्लिनला गेली, १९३० ला लामाचबरोबर स्वतःची कंपनी काढली, जर्मनमध्ये बोलली, गायली, नाचली. १९३१ ला व्लास्ता बुरियान या चेक विनोदी नटाबरोबरचा पिक्चर चेकमध्येही केला नि जर्मनमध्येही, १९३४ ला 'पोलिश ब्लड'चं पुन्हा तसंच. १९३३ ला बॉक्सर माक्स श्मेलिंगशी लग्न केलं, तरी लामाच तिचे पिक्चर करतच राहिला (आपल्या ग्रुपमधल्या त्या दोघांना एवढं जमलं असतं तर संस्था टिकली असती). १९३६ ला श्मेलिंगनं जो लुईला हरवलं ती मॅच ही बाई हिटलरचा मंत्री गोबेल्स, त्याच्या घरी बसून रेडिओवर ऐकत होती, यावर तुझं लेक्चर येणार माहितेय, भेटल्यावर दे.

मी आधी यातच समाधान मानायला लागले होते, की बघ, एक दार बंद झालं तरी बाई गाजलीच. पण तिला इंग्लिश परकं होतं, मागे चेक होतं, जर्मन होतं. या पोरीला मराठीतच परकी ठरवतायत, ती कुठल्या बर्लिनला जाणार? आणि पैसे बरे आहेत वंदे, खोटं कशाला बोलू, घराचे हप्ते आहेत.

तुझ्या सासूबाईंचा गुडघा कसाय? ओमचं दहावीचं वर्ष ना, त्याला माझ्यासारखं भूगोलात झोपू नको म्हणावं. जळगावची वांगी पाठवणार होतीस, त्याचं काय झालं?

फोन करू नकोस, लिही. फोनवर तू ओरडतेस नि मग मी घाबरून तुझं ऐकते. पोरीचा नंबर मिळवलाय मी. डबिंगचं काय ते नंतर बघू, पण तिला आधी मी सांगू का, की ते प्रोड्यूसरनंच सांगायचं, तेवढं लगेच कळव.

तुझी,
अनू