तंजावरचा तो 'इंग्रज पाहुणा'

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीतला तंजावरचे मराठा राजे सरफोजी यांच्यावरचा लेख वाचला, आवडला. सरस्वती महाल ग्रंथालय, मोडी कागद, बृहदीश्वराच्या भिंतीवरचा मराठी शिलालेख, सगळं नीट आलं आहे. अडखळलो ते एकाच वाक्यापाशी. 'एका इंग्रज पाहुण्याने राजांच्या विद्वत्तेची तोंडभरून तारीफ केली' एवढ्यावर लेखकाने त्या माणसाची बोळवण केली आहे. या पाहुण्याला नाव होतं, रेजिनाल्ड हेबर. तो कलकत्त्याचा अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या चर्चचा, बिशप. राजांची आणि त्याची भेट झाली २८ मार्च १८२६ रोजी, आणि त्यानंतर सहा दिवसांत तो वारला.

तारीफ काय केली तेही सांगायला हवं होतं. राजे लाव्हाझिए, लिनियस, ब्यूफाँ या युरोपी शास्त्रज्ञांचे दाखले सहज देतात, शेक्सपिअरच्या काव्याची पारख कवी लॉर्ड बायरनपेक्षा चोख करतात, आणि आपण मुकुटधारी पुष्कळ पाहिले पण इतकं राजाला शोभेल असं वागणं कुणाचं पाहिलं नाही, असं त्याने लिहून ठेवलं. ही नुसती पाहुण्याची गोड जीभ नव्हे. हेबर स्वतः ऑक्सफर्डमध्ये कवितेचं बक्षीस मिळवलेला माणूस होता, बायरनचं नाव त्याने उगाच घेतलं नसणार. सरफोजीराजे श्वार्ट्झ या जर्मन मिशनऱ्याच्या हाताखाली शिकलेले. गुरू गेल्यावर त्यांनी लंडनच्या फ्लॅक्समन या शिल्पकाराकडून त्याचं संगमरवरी शिल्प करवून आणलं. बिशप तंजावरला आला तो याच श्वार्ट्झचं मिशन पाहायला. २६ मार्चला ईस्टर होता, तो त्याने तिथल्या तमिळ ख्रिस्ती मंडळींबरोबर साजरा केला.

हेबरचा जन्म १७८३ सालचा, इंग्लंडातल्या चेशायरमधला. १८०७ पासून तो हॉडनेट नावाच्या गावचा पाद्री होता आणि तिथे त्याचं बरं चाललं होतं. १८१९ मध्ये सासऱ्यांच्या घरी मुक्कामाला असताना त्याने एक मिशनगीत लिहिलं. सिलोनात निसर्ग सगळा रमणीय, नीच आहे तो फक्त माणूस, अशा अर्थाची ओळ त्यात आहे. पुढे गांधीजींनी या ओळीवर जाहीर हरकत घेतली आणि ती रास्तच होती. लिहिणाऱ्याने तोवर सिलोन पाहिलंही नव्हतं.

कलकत्त्याचा पहिला बिशप मिडलटन १८२२ मध्ये वारला. ती जागा हेबरला देऊ केली तेव्हा त्याने आधी नकार दिला, मग मन बदललं. पगार सालाचा ५,००० पौंड, आणि धर्मप्रांत म्हणजे सगळा कंपनीचा हिंदुस्थान, शिवाय सिलोन, शिवाय ऑस्ट्रेलिया! सिडनीतल्या गोऱ्यांचा बिशप कलकत्त्यात बसत असे. या कारभाराला काय म्हणावं ते वाचकांनीच ठरवावं.

जून १८२४ मध्ये तो होडीने गंगेवरून निघाला. डाक्क्यालाच बरोबरचा पाद्री मित्र स्टो आजाराने गेला. तरी हा काशी, लखनौ, अल्मोडा, दिल्ली, जयपूर करत, बडोद्यात गायकवाडांना भेटून एप्रिल १८२५ मध्ये मुंबईला पोचला. वाटेत गुजरातेत नडियादला स्वामीनारायण पंथाचे संस्थापक सहजानंद स्वामी यांची भेट झाली. स्वामींबरोबर दोनशेच्या आसपास घोडेस्वार, बिशपबरोबर पन्नासेक. दोन धर्मगुरू एकमेकांना भेटायला निघाले ते फौजफाटा घेऊन, याचं आपल्याला हसू आलं आणि थोडी शरमही वाटली, असं त्याने लिहिलं आहे. मला हा माणूस आवडू लागला तो इथपासून.

मुंबईत गव्हर्नर एल्फिन्स्टनसाहेबांचा पाहुणचार घेऊन तो भर पावसाळ्यात घाट चढला, कार्ले पाहिलं, पुण्याला आला. कॅम्पातल्या सेंट मेरीज चर्चचं अर्पण याच मुक्कामात त्याच्या हातून झालं. मी त्या रस्त्याने वर्षानुवर्षं जातो-येतो, पण हे मला पन्नाशी उलटल्यावर कळलं. कलकत्त्यात त्याने अब्दुल मसीह या देशी ख्रिस्ती प्रचारकाला पाळकदीक्षा दिली, म्हणजे पाद्री केलं. देशी माणसाला दीक्षा द्यायला मिडलटन कायद्याकडे बोट दाखवून तयार नव्हता.

पण खरी गोष्ट पुढेच आहे. मार्च १८२६ मध्ये, म्हणजे तंजावरच्या त्याच दौऱ्यात, हेबरने विन नावाच्या आपल्या मित्राला पत्र लिहिलं. हा विन लंडनमध्ये कंपनीच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या मंडळाचा अध्यक्ष. पत्रात बिशप स्वच्छ सांगतो, की सरकार जमिनीच्या एकूण उत्पन्नाचा निम्मा हिस्सा मागतं, या शेतसाऱ्याच्या ओझ्याखाली शेतकरी तग धरू शकत नाही, कंपनीच्या मुलखातली रयत संस्थानिकांच्या रयतेपेक्षा गरीब आणि खचलेली आहे, आणि हे साहेबलोक खासगीत कबूल करतात. अर्थेतिहासकार रमेशचंद्र दत्त यांनी १९०२ मध्ये ब्रिटिशांच्या शेतसाऱ्यावर टीका केली तेव्हा त्यांनी याच पत्राचा आधार घेतला. हेच दत्त पुढे बडोद्याचे दिवाण झाले.

मी त्याला संत ठरवत नाही. मूर्तिपूजेबद्दल त्याने कडवट लिहिलं आहे, आणि पगार तो कंपनीच्याच तिजोरीतून घेत होता. पण त्या गाण्यातली एक ओळ सगळ्यांना ठाऊक आणि हे पत्र कुणालाच नाही, हा हिशेब मला पटत नाही.

३ एप्रिल १८२६ रोजी सकाळी तिरुचिरापल्लीच्या किल्ल्यात तमिळ मंडळींचा दृढीकरणाचा (ख्रिस्ती श्रद्धा पक्की करण्याचा) विधी आटोपून तो उन्हातून मुक्कामी परतला. हातातल्या भाषणाच्या कागदामागे त्याने गावाचं नाव आणि तारीख लिहिली, आणि गार पाण्याच्या हौदावर आंघोळीला गेला. बराच वेळ झाला तरी बाहेर येईना म्हणून नोकराने आत पाहिलं तर तो पाण्यात निष्प्राण. वय ४२. तिथल्याच सेंट जॉन चर्चमध्ये त्याला पुरलं आहे.

या लेखमालेचं पुस्तक निघणार असल्याचं आपण छापलं आहे. त्यात 'इंग्रज पाहुणा' खोडून तिथे नाव घालावं, आणि जमल्यास मार्च १८२६ चं ते पत्रही परिशिष्टात द्यावं, एवढी विनंती.

आपला,
एक जुना वाचक, पुणे