महिना दोन हजारांत ग्रंथपाल कसा ठेवायचा? मंत्रिमहोदयांना खुले पत्र

राज्यातील सार्वजनिक ग्रंथालयांचा कारभार पाहणाऱ्या मा. मंत्रिमहोदयांस,

सादर नमस्कार.

सार्वजनिक वाचनालयांनी आपली ग्रंथसूची संगणकावर आणावी, ज्येष्ठ, विद्यार्थी आणि दिव्यांग यांच्यासाठी उपक्रम सुरू करावेत आणि छायाचित्रांसह अहवाल आठ दिवसांत सादर करावा, असे शासनाचे पत्र नुकतेच आमच्या हाती पडले. ते आले तेव्हा अनुदानाचा दुसरा हप्ता जमा झालेला नव्हता. दिवाळीच्या आत मिळेल, असा शब्द तोंडी मिळाला होता. दिवाळी गेली, संक्रांतही गेली. पत्रातल्या एकाही अपेक्षेला आमची हरकत नाही, यातली बहुतेक कामे मुंबईतले ग्रंथपाल आधीपासून करत आले आहेत. पण या कामांना किती तास लागतात आणि त्या तासांचा मोबदला कोण देणार, याबद्दल पत्रात एक ओळ नाही. म्हणून हे जाहीरपणे लिहितो आहोत.

आधी सूचीचे काम घ्या. 20 हजार पुस्तकांचे वाचनालय मुंबईत फार मोठे समजले जात नाही. प्रत्येक पुस्तक रॅकवरून काढायचे, दाखल रजिस्टरातल्या नोंदीशी ताडायचे, शीर्षक, लेखक, प्रकाशक, आवृत्ती, वर्ष, पृष्ठे, किंमत, दाखलांक आणि वर्गांक भरायचा, एक बारकोड आत आणि एक लेबल पाठीवर चिकटवायचे. सराईत हाताला एका पुस्तकामागे पाच मिनिटे लागतात. म्हणजे एक लाख मिनिटे, सुमारे 1,666 तास. देवघेव, वर्गणी आणि वर्तमानपत्रे सांभाळून ग्रंथपालाला दिवसाचे दोन तास मोकळे मिळाले असे धरले, तरी हे काम 833 दिवसांचे आहे. सुट्ट्या वगळल्या तर पावणेतीन वर्षे. अहवाल आठ दिवसांत हवा आहे.

सॉफ्टवेअर फुकट मिळते, हे आम्हाला ठाऊक आहे. राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राचे ई-ग्रंथालय आहे, कोहा आहे. खरी अडचण मराठी नोंदींची आहे. ज्या वाचनालयांनी वीसेक वर्षांपूर्वी उमेदीने संगणक घेतला, त्यांनी श्रीलिपी किंवा आयएसएम या मराठी टंकलेखनाच्या सॉफ्टवेअरांच्या जुन्या फॉण्टमध्ये हजारो नोंदी केल्या. ते फॉण्ट इंग्रजी अक्षरांच्या आणि चिन्हांच्या जागी देवनागरी आकार बसवत. आज ती फाइल नव्या संगणकावर उघडली की शीर्षकांच्या जागी निरर्थक चिन्हे दिसतात. प्रत्येक फॉण्टचा तक्ता वेगळा असल्यामुळे एकाचा कन्व्हर्टर दुसऱ्याला चालत नाही. योग्य कन्व्हर्टर सापडला तरी रफार, ऱ्हस्व इकार आणि जोडाक्षरे घसरतात, आणि पुन्हा प्रत्येक नोंद रजिस्टरशी ताडावी लागते. त्यात कोणी आडनाव 'कुलकर्णी' भरतो, कोणी 'कुळकर्णी'. एका नोंदीत आद्याक्षरांमध्ये जागा सोडलेली असते, दुसरीत नसते. एकच लेखक सूचीत चार ठिकाणी विखुरतो आणि वाचकाला 'पुस्तक नाही' असे उत्तर मिळते, पुस्तक मात्र रॅकवर असते. एक प्रमाण रूप ठरवून बाकीची रूपे त्याला जोडणे हे ग्रंथपालाचे काम आहे. रोजंदारीवर बसवलेल्या टंकलेखकाकडून ते होत नाही, आणि घाईत केलेली सूची नंतर दुरुस्त करायला नव्याने करण्यापेक्षा जास्त वेळ खाते.

उपक्रमांचेही असेच आहे. जून आला की अकरावीच्या ऑनलाइन प्रवेशासाठी पालक वाचनालयात येतात. नोव्हेंबरात निवृत्तिवेतनधारक हयातीच्या दाखल्यासाठी येतात. मधल्या काळात सीईटी आणि शिष्यवृत्तीचे अर्ज, शिधापत्रिका असतेच. आजोबांचा ओटीपी मुलाच्या फोनवर जातो आणि मुलगा त्या वेळी लोकलमध्ये असतो. फोटो ठरलेल्या आकारात बसत नाही, पीडीएफ मर्यादेपेक्षा मोठी होते, आधारवरचे नाव आणि गुणपत्रिकेवरचे नाव जुळत नाही. अशा एका अर्जाला पाऊण तास सहज जातो. आणि अर्ज भरून झाला म्हणजे काम संपले असे नसते. सार्वजनिक संगणकाच्या डाउनलोड फोल्डरमध्ये आधार आणि पासबुकाच्या प्रती उरतात, ब्राउझर पासवर्ड जपून ठेवतो, पुढे बसणाऱ्याला ते सगळे उघडे मिळते. म्हणून वाचकांसाठी वेगळे गेस्ट खाते, ब्राउझरची खासगी खिडकी, उठताना लॉग-आउट, फोल्डर आणि रिसायकल बिन रिकामे करणे, स्कॅनरच्या काचेखाली मूळ कागद राहिला नाही ना हे पाहणे, इतकी शिस्त रोज पाळावी लागते. ज्या वाचनालयात संध्याकाळी एकच माणूस असतो, तिथे तो अर्ज भरेल की पुस्तके देईल?

दृष्टिहीन वाचकांसाठी सुविधा करा, असेही म्हटले आहे. जरूर करायला हवी. 2012 च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा अशा वाचकांसाठी सुगम प्रत, म्हणजे त्यांना ऐकता किंवा ब्रेलमध्ये वाचता येईल अशी प्रत, तयार करू देतो, आणि 2016 पासून सुगम्य पुस्तकालय हे ऑनलाइन ग्रंथालयही आहे. पण मराठी पुस्तक तिथवर न्यायचे तर पान किमान 300 डीपीआयला स्कॅन करायचे, यंत्राकडून अक्षरे ओळखून घ्यायची आणि मग माणसाने ओळ न ओळ वाचून दुरुस्त करायची. खिळ्यांच्या छपाईच्या जुन्या पुस्तकात शाई पसरलेली असते, अनुस्वार निसटतात, 'घ' चा 'ध' होतो, 'भ' चा 'म' होतो. मजकूर न तपासता ध्वनिवाचकाला दिला तर ऐकणाऱ्याच्या कानी अर्थहीन आवाज पडतात. दोनशे पानांच्या एका पुस्तकाची तपासणी म्हणजे एका ग्रंथपालाच्या कित्येक संध्याकाळी. त्या कोणत्या खर्चशीर्षात दाखवायच्या, हे सांगावे.

आता पैशाचे बोलू. 2012 नंतर अनुदानाचे दर वाढले ते 2022 मध्ये, 60 टक्क्यांनी. मधल्या दहा वर्षांत मुंबईत वीज, भाडे, बांधणी आणि वर्तमानपत्रांची बिले कुठल्या कुठे गेली. त्या वाढीने 'अ' ते 'ड' यांतल्या सर्वांत खालच्या 'ड' वर्गातल्या ग्रंथालयाचे वार्षिक अनुदान 30 हजारांवरून 48 हजार झाले. त्यातला निम्मा वाटा वेतनाचा. चोवीस हजार भागिले बारा, म्हणजे महिन्याला दोन हजार रुपये. या शहरात दोन हजारांत विरार ते चर्चगेटचा पास आणि दुपारचा डबाही महिनाभर निघत नाही. वरच्या वर्गांची रक्कम मोठी दिसते, पण तिथे ग्रंथपाल, सहायक, लिपिक आणि शिपाई यांच्यात ती वाटली जाते. ग्रंथालयशास्त्राची पदवी घेतलेली माणसे, त्यांत स्त्रियांची संख्या मोठी, वर्षातून दोनदा पगार घेतात, तोही हप्ता आला तर. भविष्यनिर्वाह निधी नाही, निवृत्तिवेतन नाही, पगाराची नियमित पावती नसल्यामुळे पतपेढीही कर्ज देत नाही. तीस-तीस वर्षे काम करून माणसे रिकाम्या हाताने घरी गेली आहेत. कर्मचाऱ्यांना वेतनश्रेणी द्यावी, असे शासनानेच नेमलेल्या व्यंकप्पा पत्की समितीने सुचवल्याला दोन दशके उलटून गेली. त्यानंतर किती सरकारे आली आणि किती जणांनी 'सकारात्मक आहोत' म्हटले, याची गणती आम्ही सोडून दिली आहे.

2012 च्या सरकारी पडताळणीत काही ग्रंथालये फक्त कागदावर सापडली, हे खरे आहे. त्यांना वगळायलाच हवे होते. पण त्या नावाखाली नवी मान्यता आणि वर्गबदल वर्षानुवर्षे अडकले. जी वाचनालये प्रामाणिकपणे वाढली ती जुन्याच वर्गात, जुन्याच रकमेवर कुजत राहिली. गुन्हा एकाचा आणि शिक्षा राज्यभरातल्या अकरा-बारा हजार ग्रंथालयांना, हा कुठला न्याय?

मुंबईत तर जागाही हातची जाते आहे. गिरगाव, लालबाग, परळच्या चाळींत तळमजल्यावर असलेली वाचनालये पुनर्विकासात वरच्या मजल्यावरच्या एखाद्या खोलीत ढकलली जातात. राहत्या घराचा मजला दर चौरस मीटरला साधारण 200 किलो भार धरून बांधतात. ग्रंथसाठ्याच्या खोलीला 600 किलो धरावे लागतात. घरासाठी बांधलेल्या मजल्यावर भरलेली रॅक उभी केली तर स्लॅब वाकतो. हे करारावर सही होण्याआधी सांगायला कोणी नसते, कारण इमारतीच्या आराखड्यावर ग्रंथपालाला विचारायचे असते, असे कुणाला वाटतच नाही. तळमजला, स्वतंत्र प्रवेश, भारक्षमता आणि पाणी न तुंबणारी पातळी या चार गोष्टी मान्यतेच्या अटीत लिहून घेता येतात. त्याला पैसाही लागत नाही.

आणि पैसा नाही, हे आम्हाला यापुढे ऐकवू नये. देशातला ग्रंथालयाचा पहिला कायदा 1945 मध्ये कोल्हापूर संस्थानाने केला, तो याच मातीत. मद्रासने 1948 मध्ये आणि कर्नाटकाने 1965 मध्ये कायदा करताना मालमत्तेच्या करावर ग्रंथालय उपकर बसवला. आपला कायदा त्यानंतर, 1967 मध्ये आला आणि त्यात उपकर ठेवला नाही. मुंबईकर मालमत्ता कराच्या बिलात शिक्षण उपकर भरतो, वृक्ष उपकर भरतो, पथकर भरतो. ग्रंथालयासाठी त्या बिलात एक पैशाची ओळ नाही. 2024 च्या ऑक्टोबरात मराठीला अभिजात दर्जा मिळाला, मोठे समारंभ झाले. त्या भाषेतली पुस्तके वस्तीवस्तीत ज्यांच्या हातून वाचकाकडे जातात, त्यांची दखल एकाही भाषणात घेतली गेली नाही. शासनाने ग्रंथपालाला कायम पुस्तकांचा राखणदार समजून मानधन ठरवले. आज तो अर्ज भरून देतो, अभ्यासिका चालवतो, फसवणुकीच्या फोनपासून म्हाताऱ्यांना सावध करतो, तरी मोजमाप अजून देवघेवीच्या आकड्यांचेच चालू आहे.

आमचे म्हणणे एवढेच आहे. वेतनाचा भाग वेतनेतर अनुदानापासून वेगळा काढा आणि तो दर महिन्याला थेट कर्मचाऱ्याच्या खात्यात जमा करा. वेतनेतर रकमेचा पहिला हप्ता जूनमध्ये आणि दुसरा नोव्हेंबरात द्या, म्हणजे मार्चअखेरीस मिळेल ती पुस्तके घाईघाईने उचलावी लागणार नाहीत. सूचीकरणाचे तास दर पुस्तकाला पाच मिनिटे या हिशेबाने मंजूर करा आणि जुन्या फॉण्टमधल्या नोंदी कोणत्याही संगणकावर वाचता येणाऱ्या युनिकोडमध्ये आणण्याचे काम राज्यपातळीवर एकदाच, एका तज्ज्ञ गटाकडून करून घ्या. तपासणीच्या नमुन्यात अर्जसाहाय्य, अभ्यासिका आणि सुगम प्रतींसाठी वेगळे रकाने घाला. पत्की समितीच्या वेतनश्रेणीच्या शिफारशीवर होय की नाही, ते लेखी कळवा. उपकराचे विधेयक पुढच्या अधिवेशनात मांडा.

आठ दिवसांची मुदत संपली आहे. अहवालात आम्ही वरचा 1,666 तासांचा हिशेब जोडला आहे. छायाचित्रे जोडलेली नाहीत.

आपले,
मुंबईतील सार्वजनिक वाचनालयांत काम करणारे ग्रंथपाल