बांधाच्या कामाबद्दल

चि. दादास, अनेक उत्तम आशीर्वाद.

काल फोनवर तू फार तडकलास. "सातबारा आपल्या नावावर आहे, रविवारी जेसीबी घेऊन येतो आणि बांध सरळ करतो," म्हणालास. राग मला कळतो, पण जेसीबी आणू नकोस. फोनवर सगळं सांगता आलं नाही म्हणून लिहितोय.

सातबाऱ्यावर नाव आहे, क्षेत्र आहे, पीकपाणी आहे. बांध कुठून जातो हे त्यावर कुठेच नसतं. म्हणून तर कागदावर आपलं १ हेक्टर २० आर पुरेपूर आहे आणि रानात चार गुंठे कमी भरतात. सातबाऱ्याची नोंद चूक ठरेपर्यंत खरी धरतात, १९६६ च्या जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ मध्ये तसं आहे. पण मालकी येते ती खरेदीखतानं, नुसत्या फेरफारानं नाही.

आजोबांनी ही जमीन १९६८ साली शेजारच्या तात्यांच्या वडिलांकडून घेतली. ते खरेदीखत परवा ट्रंकेतून काढलं. घड्यांवर इतकं विरलंय, की उघडताना पंखा बंद केला. चतुःसीमेत 'पूर्वेस ओढा' स्पष्ट आहे, पण नंबर जुना, सर्व्हे नंबर. गट नंतर जमिनींचे तुकडे एकत्र केले तेव्हा, एकत्रीकरणात पडले. जुना नंबर म्हणजेच आजचा गट, हे दाखवणारा एकत्रीकरणाचा उतारा भूमी अभिलेखात मागितलाय. तो नसला तर समोरचा वकील म्हणणार, ही जमीन वेगळी आणि ती वेगळी.

मंगळवारी हद्द कायम मोजणी झाली. लगतच्या सगळ्यांना नोटिसा गेल्या होत्या, तात्याही आले होते. भूकरमापक गटाच्या नकाशाशी जुळवत बराच वेळ फिरले, खुणेचा दगड काही सापडेना. तात्यांच्या उसात घायपाताचं एक बेट उरलंय बघ. ते तुझ्या आजीनं लावलेलं, बांधावर. त्याच्या बुडाशी कुदळ मारली आणि हातभर खाली खण्ण वाजलं. आजच्या बांधापासून दोन मीटर आत. मला तिथंच खाली बसावं लागलं.

दोनशे मीटर लांबीच्या बांधाला दोन मीटर म्हणजे चारशे चौरस मीटर, म्हणजे जवळजवळ आपले चार गुंठे. एका रात्रीत गेले नाहीत ते. दर नांगरटीला नांगराच्या एकेका रेघेनं बांध पलीकडून सरकत आला. मला दिसत होतं. शेजाऱ्याशी वाकडं नको म्हणून मी गप्प बसलो, ही माझी चूक. बारा वर्षांहून जास्त काळ कोणी उघडपणे, आपल्या विरोधात, मालक म्हणून जमीन धरून ठेवली तर तो त्याच जोरावर हक्क सांगू शकतो. नुसतं कसल्यानं तसा हक्क येत नाही, पण वाद घालायला जागा होते. ती मी दिली. आता आणखी एक हंगामही थांबायचं नाही.

'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, हातात पडली की त्यात हद्द आणि वहिवाट वेगवेगळी दिसेल. तात्यांना मोजणी मान्य नसेल तर ते निमतान्याची, म्हणजे वरिष्ठांकडून फेरमोजणीची, मागणी करतील, करू देत. मात्र लक्षात ठेव, मोजणीवाले हद्द दाखवतात, ताबा देत नाहीत. तात्यांनी स्वखुशीनं सोडलं नाही तर ताब्यासाठी दिवाणी कोर्टात जावं लागेल. तू बांध फोडलास तर उद्या फिर्याद तुझ्यावर होईल आणि दगडाचं कोणी विचारणारही नाही.

तुला एकच काम. दुय्यम निबंधक कार्यालयातून १९६८ च्या त्या दस्ताची प्रमाणित नक्कल काढायची आहे, दस्त क्रमांक मागच्या पानावर लिहून पाठवतोय. मूळ कागद आता वारंवार हाताळण्यासारखा राहिला नाही.

दगडाभोवती मी चुना टाकलाय, फोटोही काढून ठेवलेत. आज सकाळी तात्यांकडे जाऊन आलो. चहा दिला, बांधाबद्दल काही बोलले नाहीत, पण जाताना फाटकापर्यंत आले. तू आलास की दोघे पुन्हा जाऊ. नक्कल घेऊन ये.

तुझे,
आप्पा