देवगिरी सहलीत परवानाधारक गाईड न देणे, वेळ कापणे आणि गटातील सदस्याला झालेली दुखापत याबाबत तक्रार

दिनांक : २ फेब्रुवारी २०२६

प्रति,
मा. व्यवस्थापक,
सहल विभाग

महोदय,

मी चाळीसगाव तालुक्यातल्या एका गावात अंगणवाडी सेविका आहे आणि आमच्या महिला बचत गटाची सचिव आहे. मंगळवार, २० जानेवारी रोजी आमच्या गटातल्या तेरा बाया आणि चार मुलं, अशा सतरा जणांना तुमच्या कंपनीने देवगिरी किल्ल्याच्या एक दिवसाच्या सहलीला नेलं. माणशी ₹१,१०० प्रमाणे ₹१८,७००, गाईडचे वेगळे ₹२,५०० आणि प्रवेश तिकिटांचे माणशी ₹५० प्रमाणे ₹८५०, असे एकूण ₹२२,०५० आम्ही निघण्याच्या आठ दिवस आधीच भरले. पावती सोबत जोडली आहे.

हे पैसे कुठून आले तेही तुम्हाला कळायला हवं. प्रत्येकीने वर्षभर महिन्याला शंभर रुपये बाजूला टाकले. ते कमी पडले म्हणून मागच्या उन्हाळ्यात सगळ्यांनी मिळून बिबडे आणि कुरडया केल्या, त्या विकून उरलेली रक्कम उभी केली. यातल्या नऊ जणी दुसऱ्याच्या शेतात मजुरीला जातात. सहलीच्या दिवसाचा रोज बुडला तो वेगळाच.

देवगिरीच का, असं तुमच्या ऑफिसातल्या मुलाने बुकिंगच्या वेळी मला विचारलं होतं. शिर्डी-शनिशिंगणापूरची गाडी स्वस्तात पडेल म्हणाला. आमचं गाव पाटणादेवीच्या वाटेवर आहे. तिथे शके ११२८ चा एक शिलालेख सापडला. गणिती भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा देवगिरीच्या सिंघण यादवाच्या दरबारात ज्योतिषी होता. आजोबांच्या ग्रंथांचा अभ्यास व्हावा म्हणून त्याने पाटणला मठ काढला आणि त्या मठाला बाजारपेठेतून काय काय मिळावं ते त्या दगडावर लिहिलं आहे. शेवटच्या काही ओळी तर जुन्या मराठीत आहेत. पाटणचे निकुंभ राजे देवगिरीचे मांडलिक होते. म्हणजे सातमाळ्याच्या डोंगराअलीकडे आम्ही आणि डोंगरापलीकडे आमची राजधानी. माझ्या वडिलांनी लहानपणी मला त्या देवळाच्या ओट्यावर बसवून हे सांगितलं होतं. गटाच्या दोन बैठकांत मी तेच बायांना सांगितलं, तेव्हा कुठे त्यांनी शिर्डी सोडून देवगिरीला होकार दिला. त्यातल्या एक आक्का अडुसष्ट वर्षांच्या आहेत. कन्नडचा घाट त्यांनी आजवर ओलांडला तो फक्त नवऱ्याच्या दवाखान्यासाठी. या वेळी पहिल्यांदाच काही बघायला निघाल्या होत्या. नवं लुगडं नेसून आल्या होत्या.

तुमच्या माहितीपत्रकात वेरूळची लेणीही होती. वेरूळ मंगळवारी बंद असतं हे मीच तुमच्या ऑफिसला फोन करून सांगितलं. सहल कंपनीला हे ठाऊक नसावं याचं मला तेव्हाच नवल वाटलं होतं. बायांना मंगळवारीच सवड होती, म्हणून तारीख तीच ठेवली. तुम्ही पैसे कमी केले नाहीत, पण "लेण्यांचा वेळ किल्ल्याला देऊ, किल्ल्यावर साडेचार तास मिळतील, परवानाधारक मराठी गाईड शेवटपर्यंत सोबत राहील" असा मेसेज पाठवला. तो माझ्या फोनमध्ये आहे. मी त्यावरच विसंबले.

गाडी सहाला यायची ती सात चाळीसला आली. जेवण गार होतं आणि वांग्याची भाजी कमी पडली, त्याबद्दल मला काही म्हणायचं नाही. घृष्णेश्वर आणि भद्रा मारुतीचं दर्शन नीट झालं. तक्रार त्यापुढची आहे.

दुपारी दोनच्या सुमारास घाट उतरून गाडी दौलताबादला आली. खिडकीतून चांदमिनार दिसला, मागे तो सरळ तासलेला कडा दिसला, आणि गाडीतल्या सगळ्या बाया उभ्या राहिल्या. मुलांनी टाळ्या वाजवल्या. पण वेरूळला गाडीत बसलेल्या तुमच्या गाईडने ड्रायव्हरला थांबू दिलं नाही. किल्ल्यासमोरून गाडी सरळ पुढे नेऊन हिमरू आणि पैठणीच्या एका दुकानात उभी केली. माहितीपत्रकात या दुकानाचं नावही नव्हतं. तिथे आम्ही साडेतीनपर्यंत अडकून होतो. आमच्यापैकी कुणाचीच पैठणी घ्यायची ऐपत नाही. दुकानदार एकामागून एक साड्या उलगडत होता आणि बाया माना खाली घालून बसल्या होत्या. मी तीनदा उठून गाईडला निघायला सांगितलं. तीनही वेळा "पाच मिनिटं" हेच उत्तर मिळालं. किल्ल्याच्या दारात पाऊल टाकलं तेव्हा तीन पस्तीस झाले होते, आणि तिथेच त्याने सांगितलं की पाचला सगळे गाडीत हवेत. साडेचार तासांचे झाले एक तास पंचवीस मिनिटं.

या वेळात त्याने काय सांगितलं ते मी त्याच रात्री वहीत लिहून ठेवलं. किल्ला महंमद तुघलकाने बांधला, असं तो म्हणाला. देवगिरीला राजधानी केली भिल्लम यादवाने, ११८७ च्या सुमारास. तुघलकाने दिल्लीहून राजधानी इथे हलवली आणि दौलताबाद हे नाव दिलं ते १३२७ साली. म्हणजे मधली एकशेचाळीस वर्षं त्याने गिळून टाकली, आणि आमची पाटणची सगळी गोष्ट त्याच वर्षांत आहे. चिनी महालात चिनी व्यापारी राहायचे असंही त्याने ठोकून दिलं. त्या महालाला हे नाव मिळालं ते भिंतींवरच्या निळ्या-पांढऱ्या चिनी फरशांमुळे. गोवळकोंड्याचा शेवटचा कुतुबशहा तानाशहा १६८७ नंतर तिथेच कैदेत होता. मेंढा तोफेच्या बुडाशी मेंढ्याचं डोकं कोरलेलं आहे, तेवढं मात्र त्याने दाखवलं, तेही फोटोसाठी, आणि प्रत्येक फोटोचे दहा रुपये मागितले. यादव हा शब्द त्याच्या तोंडून एकदाही निघाला नाही. आमच्यातल्या सातवीतल्या मुलीने धीर करून विचारलं, "काका, रामदेवरायाचा वाडा कुठे होता?" त्यावर तो हिंदीत म्हणाला, "वो सब किताब की बातें हैं, आगे चलो." पोरगी त्यानंतर दिवसभर काही बोलली नाही.

मला इथे थोडं थांबून एक गोष्ट सांगायची आहे, कारण ती न सांगता माझं म्हणणं तुम्हाला कळणार नाही. १२९६ साली अल्लाउद्दीन खलजीने देवगिरीवर झडप घातली तेव्हा रामदेवरायाचं मुख्य सैन्य राजपुत्र शंकरदेवाबरोबर बाहेर होतं. राजा किल्ल्यात शिरला. घाईघाईत धान्याच्या म्हणून ज्या गोण्या वर चढवल्या त्या उघडल्यावर मिठाच्या निघाल्या, आणि त्याला तह करावा लागला, अशी हकिकत सांगतात. आमच्या बाया वर्षाचं धान्य स्वतः निवडून, राख लावून कणगीत भरतात. गोणीला हात लावला की आत ज्वारी आहे की तांदूळ हे त्यांना कळतं. ही गोष्ट त्या दगडी तटाखाली उभं राहून त्यांनी ऐकावी, एवढी माझी फार दिवसांची इच्छा होती. एवढी मोठी राजधानी कशी पडली हे त्यांच्याइतकं कुणाला समजलं असतं? ते सांगायला पाच मिनिटं लागली असती. तुमच्या माणसाने ती दिली नाहीत, आणि मी सांगायला लागले तर शिटी वाजवून सगळ्यांना पुढे हाकललं.

आता सर्वांत गंभीर बाब. खंदकावरचा पूल ओलांडून आत गेलं की अंधारी लागते. डोंगराच्या पोटातून वळत वर चढणारा तो भुयारी मार्ग शत्रूला चकवण्यासाठीच कोरलेला आहे. आत डोळ्यात बोट घातलं तरी दिसत नाही, पायऱ्या उंच-सखल, वर वटवाघळं आणि खाली त्यांच्या विष्ठेची घसरण. गाईडची खरी गरज या एकाच ठिकाणी असते. तुमचा गाईड पुलापाशी थांबला, "सीधा ऊपर निकलेगा" म्हणाला आणि चहा प्यायला मागे फिरला. बॅटरी दिली नाही, आत काय आहे ते सांगितलं नाही, वयस्कर बायांनी जाऊ नये असंही सांगितलं नाही. मी मागे राहिलेल्या मुलांना गोळा करत होते. पाच जणी पुढे गेल्या, त्यांत आक्काही होत्या. पंधरा-वीस पायऱ्यांवर त्यांचा पाय सरकला. मी धावत पोचले तेव्हा अंधारातून त्यांचाच आवाज येत होता, "माले काहीच दिखत नही वं बाई." मोबाईलच्या उजेडात त्यांना खाली आणलं. डाव्या मनगटाचं हाड मोडलं होतं. लुगडं पार माखलं होतं.

गाईडला फोन लावला, त्याने उचलला नाही. दहा मिनिटांनी आला आणि पहिलं वाक्य हे बोलला की म्हाताऱ्या माणसांना कशाला आणता. इथे तुमच्या ड्रायव्हरचे आभार मानायलाच हवेत. त्या भाऊने आक्कांना हाताला धरून गाडीपर्यंत आणलं, स्वतःच्या पंचाची झोळी करून हात बांधला आणि कन्नडला दवाखान्यापुढे गाडी थांबवली. प्लॅस्टर होईपर्यंत दोन तास तो आमच्याबरोबर बसून होता, जेवलासुद्धा नाही. या पत्रामुळे त्याला कसलाही त्रास होता कामा नये. गाईड किल्ल्यावरूनच निघून गेला होता.

आमच्यातली एकही बाई वरच्या बारादरीपर्यंत पोचली नाही. घाट उतरताना गाडीत मीच जेवढं येत होतं तेवढं सांगितलं, भिल्लमापासून रामदेवरायापर्यंत. बाहेर अंधार होता, दाखवायला काही नव्हतं. मागून एक जण म्हणाली, "बठा पैसा वाया गया." मला उत्तर देता आलं नाही. पैसे मी गोळा केले होते, देवगिरीचं नाव मी काढलं होतं.

दुसऱ्या दिवशी तुमच्या ऑफिसला फोन केला तर मला ऐकवलं गेलं, "किल्ला दाखवला ना मॅडम, अजून काय पाहिजे?" किल्ला तर रस्त्यावरून जाणाऱ्यालाही दिसतो. आम्ही पैसे दिले ते सांगणाऱ्या आणि सांभाळणाऱ्या माणसाचे. ₹२,५०० ही त्या माणसाची वेगळी फी तुम्हीच पावतीवर लिहिली आहे. त्याचा परवाना क्रमांक मी फोनवर दोनदा मागितला, तो आजवर मिळालेला नाही. शिवाय पुरातत्त्व खात्याच्या ठिकाणी पंधरा वर्षांखालील मुलांना तिकीट लागत नाही. आमची चारही मुलं त्या वयाच्या आतली आहेत, तरी त्यांचे ₹२०० तुम्ही घेतलेत.

म्हणून आमची मागणी अशी आहे. गाईडची पूर्ण फी ₹२,५००, मुलांच्या तिकिटांचे ₹२००, प्रवास शुल्काचा निम्मा भाग ₹९,३५० आणि आक्कांच्या उपचाराचे ₹३,४००, असे ₹१५,४५० गटाच्या बँक खात्यात जमा करावेत. आक्कांच्या नावाने, मराठीत, लेखी माफीपत्र द्यावं आणि ते कुणीतरी जबाबदार माणसाने घरी येऊन त्यांच्या हातात द्यावं. त्या गाईडचा परवाना आहे की नाही हे लेखी कळवावं. नसेल तर पुढच्या कुठल्याही गटाबरोबर त्याला पाठवू नये. अंधारीत माणसं नेताना बॅटरी आणि सोबत सक्तीची करावी, कारण पुढच्या वेळी नुसत्या मनगटावर निभावेल असं नाही.

पत्र मिळाल्यापासून पंधरा दिवसांत उत्तर आलं नाही तर ग्राहक संरक्षण कायदा २०१९ खाली सेवेतील त्रुटी आणि अनुचित व्यापारी प्रथा यांबद्दल जळगावच्या जिल्हा ग्राहक आयोगाकडे आम्ही तक्रार दाखल करू. पाच लाखांपर्यंतच्या प्रकरणात त्यासाठी फी लागत नाही आणि वकीलही सक्तीचा नाही, याची चौकशी मी केली आहे. गटाने तसा ठराव केला असून तेराही जणींच्या सह्या आहेत. आक्कांनी उजव्या हाताने केली.

प्लॅस्टर मार्चमध्ये निघेल. त्यानंतर आम्ही पुन्हा देवगिरीला जाणार आहोत, एसटीने, आणि आक्का येणार आहेत.

आपली,
सचिव, महिला बचत गट
ता. चाळीसगाव, जि. जळगाव

सोबत : पावतीची झेरॉक्स, तुमच्या मेसेजची प्रिंट, दवाखान्याचं बिल आणि एक्स-रे अहवालाची प्रत, गटाच्या ठरावाची प्रत