कुरडयांचा डबा मिळाला

तीर्थरूप आई-बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

डबा काल संध्याकाळी मिळाला. वरच्या थरातल्या चार-पाच कुरडया मोडल्यात, बाकी सगळ्या शाबूत आहेत. रात्री लगेच दोन तळल्या. तेलात पडल्या पडल्या फुलून झाऱ्याएवढ्या झाल्या. धाकटी त्या फुलताना बघायला ओट्याशी स्टूल ओढून उभी होती.

आई, फेब्रुवारीत फोनवर मी तुला म्हणालो होतो, "कशाला करत बसतेस, सगळं विकत मिळतं." तू "बरं" म्हणालीस आणि विषय बदललास. ते बोलणं तुला लागलं, हे मला तेव्हा कळलं नाही. गेल्या आठवड्यात घरी आलो आणि पहाटे साडेपाचला जिन्यात तुझा आवाज ऐकला, तेव्हा कळलं. गव्हाच्या चिकाचं गरम पातेलं फडक्यात धरून तू एकटी गच्चीवर चढत होतीस. प्रत्येक पायरीवर आधी उजवा पाय, मग डावा त्याच्या शेजारी.

पंचवटीतल्या वाड्यात असताना हे काम कधी एकटीचं नव्हतं. आज आपल्याकडे, उद्या समोरच्या काकूंकडे, अशा पाळ्या लागायच्या. गहू तीन दिवस भिजायचे, रोज पाणी बदलायचं, त्या आंबूस वासाने अख्खा चौक भरायचा. आम्हा पोरांना कावळे हाकायला काठी आणि मोबदल्यात वाटीभर गरम चीक, वर तूप-साखर. वाडा गेला, बिल्डिंग झाली, काकू मुलाकडे गेल्या. सात-आठ जणींचं काम तुझ्या एकटीच्या हातावर आलं आणि मी ते पुण्यात बसून विकतच्या पाकिटाशी तोलत होतो. मला माफ कर.

त्या दिवशी तू मला पहिल्यांदा चीक हाटायला दिलास. आधण, मीठ, हिंग, मग एका हाताने चीक ओतायचा आणि दुसऱ्याने लाटणं थांबू द्यायचं नाही. मला वाटलं होतं हे ताकदीचं काम आहे, पण ते नजरेचं निघालं. पांढरा चीक कडेने काचेसारखा व्हायला लागला की तू "आता झाकण" म्हणायचीस, त्याआधी नाही. प्रमाण विचारलं तर "अंदाजाने". म्हणून मी मोजून वहीत लिहून घेतलं: रात्रभर बसलेल्या चिकावरचं पाणी ओतून टाकलं की जितका चीक उरेल, तितकंच आधण. तो अंदाज तुझ्या हातात आहे, माझ्या हातात यायला अजून दोन-चार उन्हाळे लागतील.

बाबा, तुम्ही अक्षय्य तृतीयेला, आपल्या आखाजीला, खरबूज आणायला उन्हात गंगेवर, गोदाघाटावर जाता, तेही आता नको. मला ठाऊक आहे, बुधवारच्या बाजारात स्वतः हाताळून, वास घेऊन आणल्याशिवाय तुम्हाला चालत नाही. आजी-आजोबांच्या नावाने भरलेल्या घागरीवर ते ठेवायचं असतं, तिथे मीही तडजोड सांगणार नाही. मग सकाळी आठच्या आत जा आणि येताना रिक्षा करा. चालत येऊ नका. पैशांवरून वाद घालू नका, एवढं माझं ऐका.

पुढच्या वर्षी असं ठरवलंय. गहू भिजत घालायच्या दिवशी मी नाशकात असेन, चार दिवसांची रजा घेऊन. लोकवन गहू बाबांनी आणावा, त्यातलं मला कळत नाही. दळण, गाळणं आणि पातेलं वर नेणं माझ्याकडे. आई, तू गच्चीवर खुर्चीत बसायचं आणि सोऱ्या फिरवायचा, कारण तुझ्यासारखी गोल कुरडई मला येत नाही, माझ्या सगळ्या लांबट झाल्या. सोऱ्याची चकती झिजलीये, एका बाजूने शेव जाड पडते. ती येतानाच भांडी बाजारात दाखवू. सोऱ्या मात्र बदलायचा नाही, तो आजीचा आहे.

आणि गुडघ्याचं. डॉक्टरांकडे जायची तारीख तू पुढे ढकललीस, हे बाबांनी सांगितलं. त्यांच्यावर चिडू नकोस. पंधरा तारखेला मी येतोय, बरोबरच जाऊ.

तुमचा,
दादा

ता. क. मोडलेल्या कुरडया टाकल्या नाहीत. भिजवून कांदा-लसणाची भाजी केली, तू करतेस तशी. मीठ थोडं जास्त झालं. चिकातही मीठ असतं, हे फोडणी घालताना विसरलो.