मार्लेनेचं नाव राहून गेलं

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला जर्मन दिग्दर्शक फासबिंडरवरचा लेख मनापासून आवडला. कॅमेरामन मिखाएल बाल्हाउसचं नावही आवर्जून आलं, छान वाटलं. पण त्याच्या ‘पेट्रा फॉन कांट’ या चित्रपटावर (1972) एवढं लिहिताना त्यात मार्लेने झालेल्या अभिनेत्री इर्म हेर्मान यांची बोळवण ‘मोलकरीण’ या एका शब्दात व्हावी?

फिल्म सोसायटीत तो चित्रपट पहिल्यांदा पाहिला, तेव्हा माझा अर्धा वेळ सबटायटल्स वाचण्यात गेला. मार्गिट कार्स्टेन्सनची पेट्रा, म्हणजे कथेतली फॅशन डिझायनर, बोलायची थांबतच नाही! सगळं एकाच घरात, चित्रीकरण उरकलं दहा दिवसांत. हेर्मानबाईंची मार्लेने मात्र दोन तासांत चकार शब्द काढत नाही. तिच्या वाट्याला सबटायटल नाही, म्हणून डोळे आपोआप तिच्या चेहऱ्याकडे जात राहतात. काळा पोशाख, ताठ मान. ती पेट्राची डिझाइनं काढते, दार उघडते, मागे बसून टाइपरायटर बडवते. पुढे दोघींचं बोलणं चाललेलं, मागे ती टकटक. संवाद मी विसरलो, टकटक लक्षात आहे.

ही टंकलेखनाची सफाई आयतीच होती म्हणा. बाई मूळच्या म्युनिकच्या, एका मोटार क्लबात सेक्रेटरी. 1966 मध्ये फासबिंडरची गाठ पडली, त्याच्या लघुपटात काम केलं आणि नोकरी सुटली. अभिनयाचं शिक्षण नाही. त्याने वारंवार दिल्या त्या आंबट चेहऱ्याच्या, घुसमटलेल्या बायका. त्याच्याच दुसऱ्या एका चित्रपटातल्या फळविक्रेत्याच्या बायकोच्या भूमिकेला तर जर्मनीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याचा जाच आपण किती सोसला, हेही बाईंनी पुढे स्वतःच सांगितलं. लेखात त्याच्या ‘झपाटलेपणा’चं कौतुक आहे, म्हणून मुद्दाम लिहितो.

1982 मध्ये फासबिंडर गेला, बाई थांबल्या नाहीत. दिग्दर्शिका उलरिके ओटिंगरच्या 1989 च्या चित्रपटात त्या सैबेरियातून जाणाऱ्या आगगाडीतल्या शिक्षिका झाल्या. पुढे दिग्दर्शक श्लिंगेनझीफच्या धुमाकूळ सिनेमात दिसल्या आणि 1991 मध्ये जर्मन विनोदवीर लोरिओच्या घरगुती विनोदी चित्रपटातही! मे 2020 मध्ये बर्लिनला वारल्या. आपल्याकडे तेव्हा टाळेबंदी होती. कुठे चार ओळी वाचल्याचं आठवत नाही.

आणखी एक. लेखात शेवट ‘पेट्रा एकटी पडते’ असा दिला आहे. घडतं ते असं : पेट्रा पहिल्यांदाच मार्लेनेशी बरोबरीच्या नात्याने बोलते, स्वतःबद्दल काही सांग म्हणते. मार्लेने उत्तर देत नाही. बॅग काढते, आपलं किडुकमिडुक भरते, त्यात एक पिस्तूलही असतं, आणि चालू लागते.

– एक वाचक, पुणे