चावडीतल्या फरशीवर नावं का नाहीत?

व्हरमाँट, अमेरिका
१९ ऑक्टोबर

प्रिय दत्ता,

परवा फोन मध्येच तुटला. तू विचारत होतास, "तिथं बर्फ सोडून आहे तरी काय?" फोनवर सांगण्यासारखं नव्हतं, म्हणून लिहायला बसलोय. चहा घेऊन बस, लांबणार आहे.

आपल्या चावडीच्या भिंतीतली ती फरशी आठवते ना? या गावातून इतकी माणसं १९१४ ते १९१९ च्या महायुद्धावर गेली, त्यातल्या इतक्यांनी प्राण दिले. शाळा सुटली की तो आकडा आपण खडूनं गिरवायचो आणि दिवाळीला सफेदी मारणारा त्यावरनं बेलाशक कुंचला फिरवायचा. ती फरशी मला इथं आठवली, तीही रविवारी दूध आणायला गेलो तेव्हा.

मी राहतो त्या गावच्या मधोमध हिरवळीचा एक चौक आहे. तिथं दगडी चौथऱ्यावर बंदूक टेकून एक शिपाई उभा आहे. तसले शिपाई इथं गावोगाव दिसतात. तीन वर्षं मी त्याच्या शेजारी गाडी लावत होतो, पण मान वर करून कधी बघितलं नव्हतं. त्या दिवशी दुकान उघडायला वेळ होता म्हणून चौथऱ्याच्या चारी बाजू वाचत बसलो. सगळी नावंच. एकेक आडनाव तीन-तीनदा. मेला कुठं, तेही पुढं कोरलेलं. आणि बऱ्याच नावांपुढं लढाईच्या जागी तापाचं नाव.

तिथनं मग वाचनालयाच्या फेऱ्या सुरू झाल्या. बायको म्हणते, नोकरी सोडून मास्तर व्हा.

हे राज्य म्हणजे आपले दोन-अडीच सातारा जिल्हे. १८६० मध्ये लोकवस्ती सव्वातीन लाखांच्या आत होती. डोंगर, दगडाळ शेतं, गाई आणि मेरिनो मेंढ्या. गुलामगिरीविरुद्ध १७७७ च्या राज्यघटनेतच कलम घातलेलं. १८६१ ला दक्षिणेची राज्यं फुटून यादवी सुरू झाली आणि पुढच्या चार वर्षांत इथनं सुमारे ३४ हजार माणसं उत्तरेच्या बाजूनं लढायला गेली. त्यातली पाच हजारांवर परत आली नाहीत. केंद्र सरकारचा पगार महिना १३ डॉलर. राज्यानं त्यावर आपल्या तिजोरीतनं ७ डॉलर घातले, कारण गडी गेला तर घरचं गवत कोण कापणार, हे विधिमंडळात बसलेल्यांना ठाऊक होतं. तेही शेतकरीच की.

पण खरी गोम भरतीत होती. एका गावातली, फार तर शेजारच्या दोन-तीन गावांतली पोरं मिळून एक कंपनी. कप्तान म्हणजे गावातलाच कुणीतरी. जाताना हे फार बरं वाटलं असणार, सगळे ओळखीचे, एका बाकावरचे. आता त्याचं दुसरं अंग बघ. २९ जून १८६२, व्हर्जिनियातलं सेव्हेजेस स्टेशन. ५ व्या व्हरमाँट रेजिमेंटची अर्ध्या तासाच्या आसपास दोनशेवर माणसं पडली. तिच्या एका कंपनीत मँचेस्टर गावचे कमिंग्ज घराण्यातले पाच सख्खे भाऊ, एक चुलतभाऊ आणि एक मेव्हणा होता. सातांतले सहा त्या एका संध्याकाळच्या गोळीबारानं गेले, काही जागेवर, काही जखमांनी. सातवा हेन्री, तोही जखमीच. दत्ता, मी हे वाचलं आणि पुस्तक मिटून बाहेर जाऊन उभा राहिलो. आपल्याकडं एका घरात एक मयत झालं तर आळीत चूल पेटत नाही.

त्याच्याही आधी, १८६१-६२ च्या हिवाळ्यात, वॉशिंग्टनजवळच्या छावणीतच गोवर आणि विषमज्वरानं ही पोरं आडवी झाली होती. शहरातल्या पोरांना लहानपणीच सगळे रोग होऊन गेलेले असतात. डोंगरातल्या वाडीवरच्या पोराला गोवर पहिल्यांदा भेटला तो वीस वर्षांचा झाल्यावर, ओल्या तंबूत. पुढं राज्यपाल होलब्रुक यांनी वॉशिंग्टनच्या मागं लागून ब्रॅटलबरोला लष्करी इस्पितळ उघडायला लावलं. आपली माणसं आपल्या डोंगरातल्या हवेत लवकर उठतील, असं त्यांचं म्हणणं होतं आणि ते बरंचसं खरं ठरलं.

सगळ्यात मोठा घाव १८६४ चा. ५ आणि ६ मे, वाइल्डरनेस नावाचं किर्र रान. व्हरमाँटच्या ब्रिगेडकडं दोन रस्त्यांचा एक चौफुला राखायचं काम होतं. तो त्यांनी राखला, आणि दोन दिवसांत सुमारे २,८०० मधली १,२३४ माणसं मेली, जखमी झाली किंवा हरवली. रानाला वणवा लागला आणि हलता न येणारे जखमी त्यात सापडले. मग इथल्या गावांत वर्तमानपत्रांतनं याद्या येत राहिल्या.

या ब्रिगेडमध्ये विल्बर फिस्क नावाचा एक साधा शिपाई होता. तो राज्याच्या राजधानीतल्या, माँटपेलियरच्या वर्तमानपत्राला टोपणनावानं पत्रं लिहायचा. चिखल, किडे पडलेली बिस्किटं, साहेबांची मिजास, सगळं लिहायचा. वाइल्डरनेसच्या दुसऱ्या दिवशी आपण पांगलेल्यांबरोबर मागं सटकलो आणि कॉफी करून प्यायलो, हेसुद्धा त्यानं लिहिलं. आपल्याच मुलखातले लोक वाचणार हे माहीत असून! पुतळ्यांपेक्षा हा बाबा मला जास्त पटतो.

बायकांचं नाव कुठल्याच चौथऱ्यावर नाही. पण शेतं त्यांनीच ओढली. मार्च-एप्रिलमध्ये इथं मेपलच्या झाडांना भोक पाडून रस गोळा करतात आणि तो कढईत आटवतात. थेट आपलं गुऱ्हाळ रे, वाफेचा वास तेवढा वेगळा. उसाची साखर गुलामांच्या घामाची, म्हणून ती सोडून हीच खा, असा प्रचार गुलामगिरीविरोधक करायचे. गडी नसताना ती कढई रात्ररात्र ढवळायची म्हणजे काय, ते तुझ्या आईला विचार. वहिनींना मात्र वेगळंच सांग: या युद्धापायी अमेरिकेचा कापूस अडला आणि त्यांच्या माहेरच्या खानदेशात, तिकडं वऱ्हाडातही, कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत शेअरचा सट्टा भडकला. १८६५ ला युद्ध संपलं आणि सगळं कोसळलं. तोच कापूस नसल्यामुळं इथल्या लोकरीची चांदी झाली. कुणाचं घर जळतं, कुणाची भाकरी भाजते.

आजची तारीख मुद्दाम वर मोठी लिहिली आहे. १९ ऑक्टोबर १८६४. त्या दिवशी पहाटे व्हर्जिनियात सीडर क्रीकला धुक्यात दक्षिणेच्या फौजेचा छापा पडला आणि ८ व्या व्हरमाँट रेजिमेंटनं निम्म्याहून जास्त माणसं गमावली. त्याच दिवशी दुपारी, इकडं पार कॅनडाच्या सीमेजवळ सेंट ऑल्बन्स गावात, पाहुणे म्हणून उतरलेल्या वीस-एकवीस जणांनी पिस्तुलं काढली. दक्षिणेचे घोडेस्वार होते ते, कॅनडातनं आलेले. तीन बँका लुटल्या, दोन लाखांवर डॉलर नेले. लोकांना चौकात कोंडून ठेवलं, बँकेतल्या एका कारकुनाला तर दक्षिणेशी इमान राखायची शपथ घ्यायला लावली. एक माणूस मेला. गाव पेटवायला आणलेल्या बाटल्या नीट पेटल्या नाहीत, एक पडवी तेवढी जळाली. पोरं शेकडो मैल लांब खिंड लढवतायत आणि शत्रू दारात, तोही उत्तरेकडनं!

सीडर क्रीकचं भलंमोठं चित्र माँटपेलियरच्या राज्यभवनात लावलंय, दहा फूट बाय वीस फूट. काढणारा ज्युलियन स्कॉट. तो ३ व्या रेजिमेंटबरोबर गेला तेव्हा सोळाही पूर्ण नव्हता, आणि १८६२ मध्ये गोळीबारात पुन्हा पुन्हा ओढा ओलांडून जखमींना अलीकडं आणल्याबद्दल त्याला पदक मिळालं. चित्रासमोर मी चांगला अर्धा तास उभा होतो. सेनापती कुठंतरी लांब, ठिपक्याएवढा. पुढं आहेत ते थकलेले शिपाई.

तर मुद्दा असा. आपल्या साताऱ्यातल्या अपशिंगे गावचे ४६ जण पहिल्या महायुद्धात गेले, हे जिल्ह्याला पाठ आहे. पण आपल्या फरशीवरचे कोण? इथं गावसभेनं वर्गणी काढून आपापल्या पोरांची नावं कोरली. आपली फरशी सायबानं बसवली, त्याला आकडा पुरला. नंतर आपणही कधी विचारलं नाही, याचा मला जास्त राग येतो.

सवड काढून तिचा फोटो पाठव, चुना खरवडावा लागेल. आणि वरच्या आळीतल्या आत्ती अजून बोलतात ना? त्यांचा चुलत आजा त्या लढाईत इराकातल्या बसऱ्याला गेला तो आलाच नाही, असं त्या सांगायच्या. तेवढं विचारून ये. नाव काय होतं त्याचं?

तुझा,
बाळ्या